‘थिओडोशिया’ : एका दुर्मीळ नावाचा अर्थ आणि उगम



शिरूर तालुक्यातील एका भाविक कुटुंबाने अलीकडे आमच्याकडे पत्राद्वारे एक विचारणा केली आहे. घरात तिसरे कन्यारत्न जन्मास आले आहे. बाळाची आत्या अमेरिकेत न्यू जर्सी राज्यात राहते. तिने सुचविलेले ‘थिओडोशिया’ हे नाव आईवडिलांना मनापासून आवडले आहे. आजोबांना मात्र ते मान्य नाही. हे नाव ख्रिस्ती आहे काय, या नावाची कोणी संत होऊन गेली काय, आणि स्नानसंस्काराच्या वेळी धर्मगुरू ते स्वीकारतील काय, असे तीन प्रश्न पत्रात आहेत. चौथा प्रश्न आजोबांनी घरात बोलून दाखविला असल्याचे बाळाच्या आईने अखेरच्या ओळीत कळविले आहे : तिसऱ्या मुलीच्या नावासाठी एवढा खटाटोप कशाला?

पहिल्या तिन्ही प्रश्नांचे उत्तर ‘होय’ असे आहे. चौथ्या प्रश्नाचे उत्तर त्या नावाच्या अर्थातच असल्यामुळे प्रथम अर्थाकडे वळू.

थिओडोशिया हे मूळचे ग्रीक नाव. ‘थेओस’ म्हणजे देव आणि ‘दोसिस’ म्हणजे देणे, दिलेली वस्तू. दोन्ही मिळून ‘देवाने दिलेली’, ‘देवाची देणगी’ असा अर्थ होतो. यातील ‘दोसिस’ हा शब्द आपण नकळत रोज वापरतो. लहान मुलांना पोलिओचा ‘डोस’ पाजतात, डॉक्टर औषधाचा ‘डोस’ ठरवून देतात, तो हाच शब्द. ग्रीकमधून लॅटिन, फ्रेंच आणि इंग्रजी असा प्रवास करून तो आपल्याकडे आला. वैद्याने रोग्याला जे मोजून द्यावयाचे ते ‘दोसिस’.

संस्कृत जाणणाऱ्यांना ‘दोसिस’मध्ये आपला ‘दा’ हा धातू सहज ओळखू येईल. ददाति, दान, दत्त हे शब्द आणि ग्रीकमधील देणे या अर्थाची क्रियापदे एकाच मुळाची आहेत, याविषयी भाषाशास्त्रज्ञांत मतभेद नाही. ‘थेओस’ आणि ‘देव’ यांच्या बाबतीत मात्र सावध राहिले पाहिजे. दोन्ही शब्द कानाला जवळचे वाटतात, आणि आम्हीही सेमिनरीत असताना ते सख्खे भाऊ आहेत असे समजून एका निबंधात तसे ठामपणे लिहिले होते. प्राध्यापकांनी त्यावर लाल रेघ ओढली. ‘देव’ शब्दाचे नातेवाईक ग्रीकमधील ‘झ्यूस’ आणि लॅटिनमधील ‘देउस’ हे आहेत. ‘थेओस’चे कूळ निराळे आहे. असे असले तरी थिओडोशियाचे मराठी रूप करावयाचे झाल्यास ‘देवदत्ता’ याहून चपखल शब्द सापडणार नाही.

मूल ही देवाची देणगी आहे, ही भावना इतकी सार्वत्रिक आहे की जवळजवळ प्रत्येक भाषेत तिचे एखादे नाव झाले आहे. हिब्रू भाषेतील नथनेल, योनाथान आणि मत्तय ही नावे याच अर्थाची. फारसीत खुदादाद, अरबीत अताउल्ला, पोलिश आणि रशियनमध्ये बोगदान. दौंडच्या रेल्वे वसाहतीतील जुन्या गोवेकर किंवा अँग्लो-इंडियन घरांतून ‘डोरोथी’ नावाची एखादी आजी आठवणाऱ्यांना आणखी एक गंमत सांगावीशी वाटते. डोरोथी म्हणजे दोरोथेआ. ‘दोरोन’ म्हणजे भेट आणि ‘थेओस’ म्हणजे देव. हेच दोन शब्द उलट क्रमाने ठेवले की थिओडोरा होते. थिओडोशिया ही या दोघींची सख्खी चुलत बहीण. डोरोथी हे नाव ज्यांना आपले वाटते त्यांना थिओडोशिया परके वाटण्याचे कारण उरू नये.

लॅटिन ख्रिस्ती जगात या अर्थाचे सर्वांत हृद्य उदाहरण संत आगुस्तीन यांच्या घरातील आहे. धर्मांतरापूर्वीच्या आयुष्यात, विवाहबंधनाबाहेर, त्यांना एक पुत्र झाला. त्याचे नाव ‘अदेओदातुस’, म्हणजे देवाने दिलेला. पुढे इ. स. ३८७ मध्ये मिलान येथे संत अँब्रोज यांच्या हस्ते पितापुत्रांचा स्नानसंस्कार एकाच वेळी झाला. जन्माची परिस्थिती लोकांच्या दृष्टीने कशीही असो, मुलाचे नाव ठेवताना आगुस्तीन यांनी ते देवाने दिले एवढेच पाहिले.

नाव ख्रिस्ती धर्मापेक्षा जुने आहे, हे प्रामाणिकपणे नमूद केले पाहिजे. काळ्या समुद्राच्या उत्तर किनाऱ्यावर, क्रिमियामध्ये, मिलेतस येथील ग्रीकांनी ख्रिस्तपूर्व सहाव्या शतकात एक वसाहत केली. तिचे नाव थिओडोशिया; आजही ते बंदर ‘फिओदोसिया’ म्हणून ओळखले जाते. म्हणजे हा शब्द आधी मूर्तिपूजकांच्या तोंडी होता, आणि ख्रिस्ती लोकांनी तो आपलासा केला तेव्हा त्यातील ‘देव’ या शब्दाला नवा आशय मिळाला. पुरुषांसाठी त्याचे रूप थिओडोसियस. या नावाच्या रोमन सम्राटाच्या कारकिर्दीत इ. स. ३८१ मध्ये कॉन्स्टँटिनोपलची धर्मपरिषद भरली आणि रविवारच्या मिस्सामध्ये म्हटल्या जाणाऱ्या मोठ्या विश्वासांगीकाराला तिच्याशी जोडलेले रूप लाभले.

आता संतांविषयी. या नावाच्या दोन संत विशेष प्रसिद्ध आहेत. पहिली तायर नगरातील कुमारिका. कैसरियाचे बिशप युसेबियस यांनी पॅलेस्टाइनमधील रक्तसाक्ष्यांवर जो ग्रंथ लिहिला त्यात तिची हकीकत आहे, आणि युसेबियस हे त्याच काळातील, त्याच शहरातील असल्यामुळे तिला फार मोल आहे. इ. स. ३०७ च्या सुमाराची ही घटना. छळाचे पाचवे वर्ष चालू होते. पुनरुत्थानाच्या रविवारी कैसरिया येथे काही ख्रिस्ती बंदी न्यायासनासमोर बसविलेले होते. अठरा वर्षेही पूर्ण न झालेली थिओडोशिया त्यांच्याजवळ गेली, तिने त्यांना अभिवादन केले आणि प्रभूसमोर गेल्यावर आपली आठवण ठेवावी अशी विनंती केली. एवढाच तिचा अपराध. शिपायांनी तिला पकडून अर्बानस या सुभेदारापुढे उभे केले. भयंकर यातना देऊनही ती डगमगली नाही, तेव्हा तिला समुद्रात फेकण्यात आले. रोमन संतसूचीत तिचा स्मरणदिन २ एप्रिल हा आहे.

हकीकतीतील एक गोष्ट आम्हांला विशेष वाटते. तिला कोणी बोलावून विश्वास नाकारण्यास सांगितले नव्हते. ती आपणहून बंदिवानांना भेटण्यास गेली होती.

दुसरी संत थिओडोशिया ही आठव्या शतकातील कॉन्स्टँटिनोपलची धर्मभगिनी. पवित्र प्रतिमा नष्ट करण्याची राजाज्ञा झाली असता राजवाड्याच्या प्रवेशद्वारावरील ख्रिस्तप्रतिमा काढण्यास विरोध करताना तिला मरण आले, अशी परंपरा आहे. पूर्वेकडील ख्रिस्तसभा तिचा सण २९ मे रोजी पाळते. योगायोग असा की १४५३ मध्ये कॉन्स्टँटिनोपल शहर तुर्कांच्या हाती पडले तो दिवसही २९ मे हाच होता.

हे ग्रीक नाव अमेरिकेत कसे गेले? इंग्लंडमधून तेथे जाऊन वसलेल्या प्रोटेस्टंट कुटुंबांत मुलींना अर्थावरून नावे देण्याची मोठी हौस होती. संतांच्या नावांविषयी त्यांना फारशी आस्था नसे. परंतु बायबलमधील अनोळखी नावे, सद्गुणांची नावे आणि ग्रीक धाटणीची नावे त्यांना प्रिय होती. थिओडोशिया हे नाव बायबलमध्ये नाही. तरीही ‘देवाची देणगी’ हा अर्थ त्यांना भावला, आणि अशा रीतीने तायरची रक्तसाक्षी कोणाच्या ध्यानीमनी नसताना त्यांच्या घरांत शिरली.

अमेरिकेच्या इतिहासातील सर्वांत प्रसिद्ध थिओडोशिया म्हणजे १७८३ मध्ये जन्मलेली थिओडोशिया बर. तिच्या आईचेही नाव थिओडोशियाच होते. वडील आरन बर हे पुढे देशाचे तिसरे उपराष्ट्राध्यक्ष झाले. १८०४ मध्ये अलेक्झांडर हॅमिल्टन यांना द्वंद्वयुद्धात मारल्यामुळे त्यांचे नाव कायमचे डागाळले. परंतु मुलीच्या शिक्षणाबाबत हा मनुष्य आपल्या काळाच्या पुष्कळ पुढे होता. मुलांना शिकवीत तेच लॅटिन, ग्रीक, फ्रेंच आणि गणित त्यांनी लेकीला शिकविले. तिचा विवाह दक्षिण कॅरोलिनातील जोसेफ ऑल्स्टन यांच्याशी झाला. १८१२ मध्ये तिचा एकुलता एक मुलगा वारला. त्याच वर्षाच्या अखेरीस ती वडिलांच्या भेटीसाठी ‘पेट्रियट’ नावाच्या जहाजातून न्यूयॉर्ककडे निघाली आणि ते जहाज समुद्रात नाहीसे झाले. २०१५ मध्ये न्यूयॉर्कच्या रंगभूमीवर आलेल्या ‘हॅमिल्टन’ या संगीत नाटकात पिता आपल्या तान्ह्या थिओडोशियाला उद्देशून गातो. विस्मरणात गेलेले हे नाव तेथील तरुण आईबापांच्या कानी पुन्हा पडू लागले ते मुख्यतः या गाण्यामुळे. आमच्या पत्रलेखकांच्या आत्याबाईंना ते तेथूनच सुचले असावे, असा आमचा तर्क आहे.

मध्यंतरीच्या दोन गोष्टी जाता जाता सांगून टाकतो. १८५० च्या दशकात अमेरिकेत ‘थिओडोशिया अर्नेस्ट’ ही बाप्टिस्ट पंथाची कादंबरी फार खपली. तिचा विषय बालकांना बाप्तिस्मा देणे कसे अयोग्य आहे हा! तान्ह्या थिओडोशियाला स्नानसंस्कार देताना आम्हांला या कादंबरीची आठवण होऊन हसू येईल. दुसरी गोष्ट मूकपटांच्या जमान्यातील. १९१७ च्या ‘क्लिओपात्रा’ चित्रपटाची नायिका थीडा बारा हिचे खरे नाव थिओडोशिया गुडमन होते.

मराठी माणसाला मात्र एकच थिओडोशिया आपली वाटावी, आणि ती न्यू जर्सीचीच आहे. रोझेल या गावी राहणाऱ्या या बाईंना आपण ‘कार्पेंटरबाई’ किंवा ‘कार्पेंटरमावशी’ म्हणून ओळखतो. त्यांच्या नावाची वर्णरचना इंग्रजी लेखनातही एकसारखी आढळत नाही, आणि मराठीत तर ते अनेक तऱ्हांनी लिहिले गेले आहे. डॉ. आनंदीबाई जोशी यांच्या या त्या अमेरिकन मावशी.

ही कथा ‘आनंदी गोपाळ’ या श्री. ज. जोशी यांच्या कादंबरीमुळे आणि २०१९ मधील त्याच नावाच्या चित्रपटामुळे बहुतेकांना ठाऊक आहे. आनंदीबाई १८६५ मध्ये कल्याण येथे जन्मल्या. माहेरचे नाव यमुना. नवव्या वर्षी विवाह झाला आणि सासरी ‘आनंदी’ नाव मिळाले. पत्नीला शिकविण्याच्या ध्यासाने गोपाळरावांनी रेव्हरंड वाइल्डर या अमेरिकन मिशनरींना पत्र लिहिले होते. वाइल्डर यांनी कोल्हापुरात अनेक वर्षे काम केले होते. मदतीबरोबर धर्मांतराची अपेक्षा त्यांनी व्यक्त केली आणि तो पत्रव्यवहार आपल्या मासिकात छापला. १८८० मध्ये दंतवैद्याकडे आपली पाळी येण्याची वाट पाहत बसलेल्या कार्पेंटरबाईंच्या हाती ते मासिक पडले. ते वाचून त्यांनी त्या अनोळखी मुलीला पत्र लिहिले. पत्रे वाढत गेली. १८८३ च्या जून महिन्यात आनंदीबाई एकट्या न्यूयॉर्क बंदरात उतरल्या तेव्हा त्यांना घ्यावयास कार्पेंटरबाई हजर होत्या.

आपण हिंदू म्हणून जात आहोत आणि हिंदू म्हणूनच परत येऊ, असे आनंदीबाईंनी निघण्यापूर्वी सेरामपूर येथील जाहीर भाषणात सांगितले होते. कार्पेंटरबाईंनी त्यांना लेकीप्रमाणे घरात ठेवून घेतले ते या गोष्टीची पूर्ण जाणीव ठेवून. ११ मार्च १८८६ रोजी फिलाडेल्फियाच्या स्त्री-वैद्यकीय महाविद्यालयातून आनंदीबाई पदवीधर झाल्या, आणि २६ फेब्रुवारी १८८७ रोजी पुण्यात, बाविसावे वर्षही पूर्ण होण्याआधी, क्षयाने त्यांचा अंत झाला. गोपाळरावांनी त्यांच्या अस्थी मावशीकडे पाठविल्या. न्यूयॉर्क राज्यातील पकिप्सी येथे, कार्पेंटर कुटुंबाच्या दफनभूमीतील जागेत, त्या ठेवलेल्या आहेत.

येथून धागा थेट दौंड तालुक्यात येतो. त्या पदवीदान समारंभास आनंदीबाईंच्या नातलग पंडिता रमाबाई मुद्दाम इंग्लंडहून गेल्या होत्या. रमाबाईंचा आणि त्यांच्या लहानग्या कन्येचा बाप्तिस्मा २९ सप्टेंबर १८८३ रोजी इंग्लंडमधील वाँटेज येथे झाला होता. त्या वेळी आईचे नाव ‘मेरी रमा’ आणि मुलीचे ‘मनोरमा मेरी’ असे नोंदविले गेले. मराठी नावाशेजारी ख्रिस्ती नाव कसे सुखाने नांदते, याचा हा जुना दाखला. अमेरिकेतून परतल्यावर रमाबाईंनी मुंबईत शारदा सदन उघडले ते ११ मार्च १८८९ रोजी, म्हणजे आनंदीबाईंच्या पदवीदानाच्या तिसऱ्या वर्धापनदिनी. पुढे दुष्काळ आणि प्लेग यांनी होरपळलेल्या मुलींसाठी त्यांनी केडगावला मुक्ती सदन उभारले. १८९८ पासून तेथे त्यांच्यासमवेत मिनी एब्रम्स या अमेरिकन बाई काम करीत होत्या. दौंडला अल्बर्ट नॉर्टन या अमेरिकन गृहस्थांचे अनाथ मुलांचे वसतिगृह होते. शिरूर येथे, म्हणजे घोडनदीस, अमेरिकन मराठी मिशनचे रिचर्ड विन्सर आणि त्यांच्या पत्नी औद्योगिक शाळा चालवीत होत्या. ही सर्व मंडळी प्रोटेस्टंट होती हे खरे. परंतु आपल्या भागाला अमेरिकन नावे अपरिचित आहेत, असे म्हणणाऱ्यांनी हा इतिहास पाहावा.

केडगावशी या नावाचे आणखी एक नाते आहे, आणि ते आम्हांला सर्वांत जवळचे वाटते. साध्या बायाबापड्यांना समजेल असे बायबल असावे म्हणून रमाबाई हिब्रू आणि ग्रीक शिकल्या आणि मूळ भाषांतून संपूर्ण बायबलचे मराठी भाषांतर त्यांनी एकहाती केले. ५ एप्रिल १९२२ रोजी त्यांचे निधन झाले त्या सुमारास ते काम हातावेगळे झाले होते. याकोबच्या पत्राच्या पहिल्या अध्यायात, सतराव्या वचनात, प्रत्येक उत्तम देणे वरून, पित्याकडून येते अशा आशयाचे वाक्य आहे. तेथे मूळ ग्रीकमध्ये जो ‘देणे’ या अर्थाचा शब्द आहे तो ‘दोसिस’. थिओडोशियाच्या पोटातील हा शब्द केडगावच्या माळावर बसून एका मराठी बाईने आपल्या भाषेत आणला आहे.

आता आजोबांच्या प्रश्नाकडे. शेजारच्या सातारा जिल्ह्यात, आणि इतरत्रही, मुलगाच हवा असताना पुन्हा मुलगी झाली तर तिचे नाव ‘नकुशी’ ठेवण्याची रीत होती. नको असलेली ती नकुशी. शाळेच्या हजेरीपटावर, शिधापत्रिकेवर, लग्नपत्रिकेवर तेच नाव. २०११ मध्ये तेथील जिल्हा परिषदेने अशा मुलींचा शोध घेऊन दोनशेहून अधिक मुलींना समारंभपूर्वक नवी नावे दिली. अनेकींनी स्वतःची नावे स्वतः निवडली. ख्रिस्ती घरांत ‘नकुशी’ हे नाव आमच्या पाहण्यात नाही. पण तिसऱ्या मुलीच्या स्नानसंस्काराला पेढे कमी वाटले जातात आणि पाहुणे कमी येतात, हे आम्ही वेदीवरून पुष्कळदा पाहिले आहे. आजोबांना आम्ही दोष देत नाही. ज्या काळात ते वाढले त्या काळाने त्यांना हेच शिकविले. मात्र ज्या आईवडिलांनी तिसऱ्या मुलीसाठी नेमके ‘देवाने दिलेली’ असे नाव शोधून काढले, त्यांना ते नाव बदलण्याचा सल्ला आमच्याकडून मिळणार नाही.

ख्रिस्तसभेचा नियमही त्यांच्या बाजूचा आहे. १९१७ च्या जुन्या धर्मसंहितेनुसार धर्मगुरूंनी ख्रिस्ती नाव ठेवण्याची दक्षता घ्यावी, आणि पालक ऐकत नसतील तर एखाद्या संताचे नाव जोडून दोन्ही नावे नोंदवावीत, असा दंडक होता. १९८३ च्या संहितेत ८५५ वा नियम एवढेच सांगतो की ख्रिस्ती भावनेशी विसंगत असे नाव देऊ नये. त्यामुळे ‘देवदत्ता’ हे नावही तितकेच ग्राह्य आहे. थिओडोशिया तर दोन्ही संहितांना मान्य होईल.

काही व्यवहाराच्या गोष्टी. हे नाव उच्चारण्यास जड आहे ही आजोबांची तक्रार खरी आहे. अमेरिकेत त्याची थिआ, थीडा, डोशिया अशी लघुरूपे प्रचलित आहेत. त्यांपैकी ‘डोशी’ हे आपल्याकडे टाळावे. शाळेत पोरे त्याचे ‘दोषी’ करण्यास एक दिवसही लावणार नाहीत. घरात ‘देवू’ म्हणावे, ‘थिआ’ म्हणावे, जे तोंडात बसेल ते.

कागदपत्रांच्या बाबतीत मात्र हयगय नको. १ मे २०२४ किंवा त्यानंतर जन्मलेल्या बाळांच्या बाबतीत महाराष्ट्र शासनाने नाव, आईचे नाव, वडिलांचे नाव आणि मग आडनाव असा क्रम ठरविला आहे. थिओडोशियापुढे ही तीन नावे आली की अर्जावरील चौकटी पुरणार नाहीत, याची तयारी ठेवावी. जन्मनोंदणीत बाळाचे नाव पहिल्या बारा महिन्यांत विनाशुल्क घालता येते. १ ऑक्टोबर २०२३ पासून लागू झालेल्या कायद्यातील दुरुस्तीमुळे, त्या तारखेनंतर जन्मलेल्यांना शाळाप्रवेशापासून पारपत्रापर्यंत हाच जन्मदाखला पुरावा म्हणून लागणार आहे. आमच्या अनुभवानुसार लग्नाच्या वेळी उद्भवणाऱ्या अडचणींपैकी पुष्कळशा अडचणी स्नानसंस्काराच्या नोंदवहीतील नाव आणि सरकारी दाखल्यावरील नाव वेगवेगळे असल्यामुळे येतात. म्हणून आधी इंग्रजी वर्णरचना घरात एकमताने ठरवावी, ग्रामपंचायतीतून किंवा नगरपरिषदेतून जन्मदाखला घ्यावा, आणि स्नानसंस्कारापूर्वी त्याची प्रत धर्मग्रामाच्या कार्यालयात द्यावी, म्हणजे नोंदवहीत तेच अक्षर न अक्षर उतरविता येईल. देवनागरीत आम्ही ‘थिओडोशिया’ असे लिहू. ‘थि’ ऱ्हस्व.